पाचवं पाजणं

१

रोज सकाळी साडेआठ वाजता अमिरुन्निसा एकेचाळीस वस्तूंची विचारपूस करायची. एका हातात वही, कडेवर सात महिन्यांची शहरबानू. दगडी अस्वल, दगडी सील, सुळेवाला वालरस, काचेऐवजी नुसती चीर असलेले हाडाचे चष्मे, चरबी जाळायचा दगडी दिवा. प्रत्येकापुढं थांबायचं, तडा गेलाय का, कीड लागलीय का ते पाहायचं आणि वहीत इंग्रजीतून लिहायचं, बदल नाही. एकेचाळीस वेळा बदल नाही. श्रीवर्धनात मॅट्रिक झाल्याचा एवढाच काय तो उपयोग, असं ती नवऱ्याला हसून सांगायची. अक्षर मात्र घोटून काढायची.

आखातातल्या त्या शहरात, मिरकाब मोहल्ल्यातलं ते जुनं चौकाचं घर कॅनडाच्या एका मडमनं भाड्यानं घेतलं होतं. मडमचा नवरा तेलाच्या कंपनीत इंजिनिअर. लग्नाआधी ती बर्फाच्या मुलखात नर्स होती आणि तिथल्या लोकांच्या हातच्या वस्तू तिनं पेट्या भरभरून जमवल्या होत्या. चौसष्ट सालच्या त्या हिवाळ्यात तिनं त्या मांडल्या आणि गुरुवारी दुपारी बायकांसाठी, बाकी दिवशी सगळ्यांसाठी दार उघडं ठेवलं. गल्लीत सगळे त्याला एस्किमो घर म्हणत. मडम चिडायची. "ते स्वतःला इनुइट म्हणतात. इनुइट म्हणजे माणसं. बस, माणसं."

"मग आपण कोण, झुरळं?" झाडू मारता मारता सफियाखाला पुटपुटायच्या. त्या बाणकोटच्या, पन्नाशीच्या, घरातल्या साफसफाईला होत्या आणि मडमला चहा त्यांच्याच हातचा लागे.

एकतीस नंबरचा कोट आतल्या खोलीत एकटाच होता. बाईचा कोट, रेनडिअरच्या कातड्याचा, लाकडी खांद्यांवर चढवून काचेच्या कपाटात उभा केलेला. मानेमागं त्याला कातड्याचीच मोठी झोळी होती. तिकडच्या बाया बाळाला तीत उघडंच ठेवतात, आईच्या पाठीला चिकटून. कातडं खराब होऊ नये म्हणून त्या खोलीत एअरकंडिशनरची दोन धुडं दिवसभर घरघरत. बाहेर ऊन, आत दात वाजायचे.

त्या शनिवारी मडमनं डांबरगोळ्या बदलायला कपाट उघडं ठेवलं होतं. नेमक्या तेव्हाच शाळेच्या चाळीस मुली आल्या आणि शहरबानूनं भोकाड पसरलं. अमिरुन्निसानं खांद्यावर घेतलं, थोपटलं, खुळखुळा वाजवला. कशाला म्हणून दाद देईना.

"घाल तिला आत," मडम कोटाकडं बोट करून हसली. "ती जागा त्याचसाठी तर आहे!"

अमिरुन्निसाला संकोच वाटला, पण चाळीस मुली बघत होत्या. तिनं लेकीला झोळीत ठेवलं. कोट जागचा हलला नाही. शहरबानू मात्र एका क्षणात गप्प झाली, दिव्यावर फुंकर मारावी तशी.

२

पोर दोन तास झोपली. अमिरुन्निसानं तिला बाहेर काढलं तेव्हा तिच्या ओठांच्या कोपऱ्यात दूध होतं.

मी कधी पाजलं हिला? तिनं आठवून पाहिलं. सकाळी सहाला. मग काय, ओकली असेल थोडंसं. बाळंतपणापासून आपलं डोकं चाळणी झालंय हे तिला मान्यच होतं. मागच्या आठवड्यात तिनं मिठाची बरणी भांड्यांच्या फडताळात आणि बशा मिठाच्या जागी ठेवल्या होत्या.

रविवारी सकाळी ती वही घेऊन आतल्या खोलीत गेली. कपाट बंद होतं, कुलूप होतं. झोळी मात्र रोजच्यासारखी चपटी पडलेली नव्हती. आत कुणीतरी गुडघे पोटाशी घेऊन बसावं तशी ती तळाशी गोल झाली होती. अमिरुन्निसानं किल्ली लावली, हात घातला. रिकामी. पण गरम. खोलीत तिच्या तोंडातून वाफ निघत होती आणि कातड्याच्या तळाशी अंथरुणातून नुकतंच कुणी उठून गेल्यासारखी ऊब होती.

तिनं हात बाहेर काढला, ओढणीला पुसला आणि वहीत लिहिलं, बदल नाही. आयुष्यात इतक्या सुंदर अक्षरात ती पहिल्यांदाच खोटं लिहीत होती.

त्या दिवशी शहरबानू बाहेरच्या खोलीत चटईवर झोपली, कपाटापासून वीस पावलांवर, मध्ये भिंत. अमिरुन्निसा शेजारीच बसून वस्तूंना लावायच्या चिठ्ठ्या लिहीत होती. अकराच्या सुमाराला एअरकंडिशनरच्या घरघरीखाली तिला एक आवाज ऐकू आला. घुटुक. जरा थांबून, घुटुक. नळ गळत असेल म्हणून ती चौकात जाऊन आली. नळाला पाणीच नव्हतं, टाकीवाला अजून आला नव्हता.

शहरबानू उठली आणि तिनं मोठी, समाधानाची ढेकर दिली. ढेकरेला वास होता. अमिरुन्निसा समुद्राकाठची, ताजी आणि सुकी मासळी नाकानं ओळखणारी. हा वास कुठल्याच माशाचा नव्हता. धुरकट, तेलकट, जुन्या हिवाळ्याचा.

रात्री नवऱ्यानं, इद्रीसनं, सगळं ऐकून घेतलं. तो बंदरावर क्लिअरिंगच्या हापिसात होता आणि सादळलेल्या मालाबद्दल त्याला सगळं माहीत होतं.

"कातडं हाय. दमट हवेत फुगणारच. पापड नाय सादळत?"

"पापड गरम होतो सादळून?"

"तुझा हात थंड होता, म्हणून गरम लागला."

हे तिला पटलं. खरं तर पटवून घ्यायला ती टपलेलीच होती.

३

सोमवारी तसंच झालं. मंगळवारीही. अकरा वाजता पोर झोपायची, आवाज यायचा, आणि उठली की पोट टम्म. घरी अमिरुन्निसानं छातीशी धरलं की शहरबानू पाठीमागं कमान टाकायची, आईच्या खांद्यावरून मागं बघायची. रडायची नाही. नुसती नम्रपणे नको म्हणायची, पाहुण्याच्या घरी जेवून आलेल्या माणसासारखी. अमिरुन्निसाच्या छातीत दूध तटतटून गाठी झाल्या. ती मोरीत जाऊन पिळून टाकायची आणि ओठ चावायची.

मंगळवारी दुपारी ती तिला दवाखान्यात घेऊन गेली. मिसर देशाच्या डॉक्टरीणबाईंनी वजन केलं, गाल ओढले.

"माशाल्ला! दहा दिवसांत पाऊण पौंड. काय खातेस तू? आईचं दूध छान आहे."

"ती पीत नाही, डॉक्टर. चार दिवस झाले."

डॉक्टरीणबाईंनी पोराकडं पाहिलं, मग आईकडं. ज्या नजरेनं पाहिलं ती अमिरुन्निसाला ओळखीची होती. सासूबाई पत्रातूनसुद्धा तसं बघायच्या.

"तू झोपतेस का नीट, बेटी?"

परतताना ती तडक एस्किमो घरात गेली आणि सफियाखालांना चौकात गाठून सगळं सांगितलं. खाला हसल्या नाहीत. हातातला झाडू त्यांनी भिंतीला टेकवला.

"वरवंटा टाकला होतास आधी?"

"कसला वरवंटा?"

"कसला म्हंजे? नव्या पाळण्यात पोर घालायच्या आधी आमच्या बाणकोटात वरवंटा निजवतात. आंगडं घालून. पाळण्यात आधीपासून काय बसलेलं असलं तर त्यानं दगड घ्यावा. मग पोर." त्यांनी कपाळाला हात लावला. "तू काय केलंस गो? रिकाम्या कोटाच्या पाठीवर पोर दिलंस. आधी कायच न देता."

"खाला, मी मॅट्रिक झालेय."

"व्हय. म्हणून तर."

४

त्या रात्री तिला आठवलं ते वरवंट्यापेक्षा वाईट होतं.

तिचे वडील श्रीवर्धनच्या मशिदीत मुलांना शिकवायचे. गावातली माणसं सोयरिकीचे प्रश्न घेऊन त्यांच्या ओटीवर यायची आणि लहानपणी ती दाराआड बसून ऐकायची. या पोराला त्या बाईनं पाजलंय, आता दोन्ही घरांत लग्न चालेल का? वडील दरवेळी बोटं उघडायचे. आपण शाफई पंथाचे. पाच वेळा पाजलं तर पाजणारी त्या पोराची आई होते. पोट भरून पोरानं आपणहून तोंड काढलं, की एक धरायचं. चारपर्यंत काही नाही. पाच झाली की ती आई. मग ते नातं कुणी मोडू शकत नाही, काझीसुद्धा नाही.

शनिवार. रविवार. सोमवार. मंगळवार.

अमिरुन्निसानं अंगठा मुठीत दाबून धरला. बाई गं, कोटाला कसली आलीय शरियत, असं तिनं स्वतःला विचारलंही. पण पोराचं वजन पाऊण पौंडानं वाढलं होतं, आणि तो पाऊण पौंड तिचा नव्हता.

बुधवारी ती कामावर गेली नाही. शहरबानूनं दिवसभर काही घेतलं नाही. चमच्यानं पाणी तेवढं. वरच्या मजल्यावरच्या बिल्कीसला चार महिन्यांचं बाळ होतं. तिनंही छातीशी धरून पाहिलं. शहरबानूनं तोंड फिरवलं आणि मिरकाबच्या बाजूच्या भिंतीकडं टक लावून पाहत राहिली. संध्याकाळी तिचे ओठ सुकले. टाळूवरची मऊ जागा जराशी खाली गेली.

म्हणजे न्यावं तर पाचवं. न न्यावं तर उपाशी.

"डॉक्टरकडं जाऊ," इद्रीस म्हणाला. आता तोही हसत नव्हता.

"डॉक्टर तिला मोठ्या दवाखान्यात ठेवतील आणि मला झोपेच्या गोळ्या देतील," अमिरुन्निसा म्हणाली. "जिथं चुकले तिथंच मला जायला पाहिजे. दुपारपर्यंत आले नाही तर तू ये."

हे बोलताना आपला आवाज कापत नाही याचं तिलाच नवल वाटलं. एरवी दूधवाल्याशी भांडायचं म्हटलं तरी ती इद्रीसला पुढं करायची.

५

गुरुवारी सकाळी वाळूचं वादळ उठलं. आभाळ हळदीसारखं पिवळं झालं आणि समोरचं घर दिसेनासं झालं. मडम नवऱ्याबरोबर बसऱ्याला गेलेली. सफियाखालांनी दार उघडलं आणि पदराखालचा वरवंटा पुढं केला. बोटीतून गावाहून आणलेला, वाटून वाटून मध्ये बारीक झालेला. त्याला त्यांनी आंगडंही घातलं होतं.

"मी येतंय आत."

"नको. तुम्ही दारात थांबा. मी हाक मारली की या."

शहरबानूला तिनं ओढणीनं स्वतःच्या पाठीशी बांधलं होतं. दोन गाठी, वर तिसरी. पाठीवर पोराचं ऊन ऊन वजन जाणवत होतं तोवर तिला कशाची भीती नव्हती. ती आतल्या खोलीत गेली. एअरकंडिशनर घरघरत होते. कोट नेहमीच्या जागी, पाठ भिंतीकडं करून उभा होता.

कालपरवापर्यंत त्याची पाठ दाराकडं असायची. लोकांना झोळी दिसावी म्हणून.

मडमनं फिरवला असेल, अमिरुन्निसा मनात म्हणाली. आणि मग मनातच, पुरे आता. तिनं किल्ली लावली. काचेचं दार उघडलं. कोटाला वळसा घालून हात मागं पोचवायला तिला कपाटात एक पाय ठेवावा लागला. गाल कातड्याला घासला. तिनं वरवंटा झोळीच्या तोंडाशी नेला, आणि वीज गेली.

एअरकंडिशनर घरघर करत थांबले. इतक्या महिन्यांत पहिल्यांदा ती खोली गप्प झाली. खिडकीच्या कागदातून पिवळा उजेड येत होता, नसल्यासारखा. आणि त्या शांततेत, तिच्या कानापासून वीतभर अंतरावर, घुटुक.

तिची पाठ हलकी झाली होती.

मोकळ्या हातानं तिनं चाचपलं. तिन्ही गाठी जागच्या जागी होत्या. ओढणी तिच्या पाठीला सपाट चिकटली होती.

घुटुक. घुटुक.

ओरडावं असं तिला वाटलं, पण ओरडून झाल्यावर पुढं काय करायचं ते सुचेना, म्हणून ती ओरडली नाही. पोट भरून पोरानं आपणहून तोंड काढलं, की एक. अजून काढलेलं नाही. अजून पितेय. तिनं हात झोळीत घातला.

कोपरापर्यंत गेला. झोळी कोपराएवढीच खोल होती, शनिवारी तिनं स्वतः पाहिलं होतं. हात खांद्यापर्यंत गेला. आत केस होते, ऊब होती, तो जुन्या हिवाळ्याचा वास होता. मग बोटांना एक इवलासा घोटा लागला. तिनं तो पकडला. जगातला कुठलाही घोटा तिला ओळखता आला नसता, पण हा आला.

तिनं ओढलं. पलीकडून कुणी ओढलं नाही. पलीकडून फक्त धरलेलं होतं, झोपेत कूस बदलताना आई पोराला धरते तसं. त्या धरण्यात राग नव्हता, आणि त्यानंच अमिरुन्निसाच्या अंगावर काटा आला.

"बाई," ती म्हणाली. कुठल्या भाषेत बोलावं याचा तिनं विचार केला नाही. गावच्या विहिरीवर बोलतात तशी बोलली. "चूक माझी हाय. विचारल्याबिगर ठेवली. पण पोर माझी हाय. हे घे."

डाव्या हातानं तिनं वरवंटा आत सरकवला. तो कुणीतरी घेतला. एक तळहात तिच्या बोटांना लागला, रुंद, खरबरीत, सुईनं घट्टे पडलेला. आत कुणीतरी दगड हातात तोलून पाहत होतं. आंगड्याची कड बोटांनी चाचपत होतं.

मग वरवंटा परत तिच्या हातात आला. हळूच, नीट, घरी आलेल्या पाहुणीनं विसरलेली पिशवी परत द्यावी तसा.

आतली ती काही खुळी नव्हती. तीही आईच होती.

अमिरुन्निसानं वरवंटा सोडून दिला. तो कपाटाच्या फळीवर आपटला. आतलं घुटकणं मंदावलं, लांबलं, पोट भरत आल्यावर होतं तसं. आता थांबून चालणार नव्हतं. तिनं डावा हातही आत घातला, चाचपत पोराच्या तोंडापर्यंत नेला आणि करंगळी ओठांच्या कोपऱ्यातून आत सारली, कुठलीही आई सारते तशी. चुटकन आवाज झाला. तोंड सुटलं. पोट भरण्याआधी, पोराच्या मर्जीविरुद्ध, जबरीनं सुटलं.

शहरबानू किंचाळली.

तो आवाज ऐकून अमिरुन्निसाला रडूच आलं. पाच दिवसांत पहिल्यांदाच पोर भुकेनं रडत होती. तिनं डाव्या हातात तिला कवळलं आणि कपाटाबाहेर आणलं. केसांना तेल लागलेलं, गाल गरम, पाय झाडत असलेली, तिची.

"खाला!"

सफियाखाला दारातून धावल्या आणि कपाटापाशी येऊन थबकल्या.

"बिल्कीसकडं द्या हिला. आत्ता. पाजायला सांगा. पाच काय, पन्नास वेळा पाजू दे."

"आणि तू? चल की गो!"

"तुम्ही जा पुढं."

"अगो, हात काढ त्यातला!"

अमिरुन्निसानं उजवा हात काढून पाहिला होता, तो निघत नव्हता. मनगटाभोवती पाच बोटं होती. आवळलेली नव्हती. नाडी बघायला डॉक्टरीणबाई धरतात, तितकीच.

"इद्रीस येईल दुपारी," ती म्हणाली. "तुम्ही पोरीला न्या. मागं बघू नका. खाला, माझ्या आईची शपथ आहे, न्या."

खालांनी पोराला पदरात घेतलं. कोटाच्या बाजूला न बघता, भिंतीला अंग घासत त्या मागं सरकल्या. बाहेरचं दार वाजलं. शहरबानूचं रडणं चौकातून गल्लीत गेलं, वादळात शिरलं, कोपऱ्यावर बारीक झालं. अमिरुन्निसा श्वास धरून ऐकत होती. मनगटावरची बोटंही थबकली होती. दोघी ऐकत राहिल्या.

रडणं अगदी ऐकू येईनासं झालं तेव्हा बाहेर नुसता वारा उरला. कोटाच्या खांद्यावरून तिला झोळीचं तोंड दिसत होतं. आत काळोख होता आणि त्या काळोखात खाली, फार खाली, कशावर तरी पिवळा उजेड पडल्यासारखा ओलसर चमकला आणि मिटला. पापणी मिटावी तसा.

मनगट ओढलं गेलं नाही. उलट आत कुणीतरी अंग चोरून जरासं सरकलं. जागा करून दिली.

अमिरुन्निसानं चपला काढून टाकल्या. दोन्ही टाचा कपाटाच्या लाकडी चौकटीला घट्ट लावल्या, डाव्या हातानं उजवं कोपर धरलं, आणि हात बाहेर ओढायला लागली.